बॉटलब्रशवर कात्री कधी चालवायची

सांगली-मिरजेकडे बंगल्याच्या फाटकाशी बाटली घासायच्या ब्रशसारख्या लाल तुऱ्यांचा बॉटलब्रश हमखास दिसतो, आणि त्याची छाटणी बहुतेक जण चुकीच्या वेळी करतात. कळ्या भरायच्या तोंडावर कात्री लावली की त्या वर्षीचा बहर गेलाच म्हणून समजा.

वाळलेला तुरा एकदा जवळून पाहा. लाल दिसत होते ते पाकळ्यांमुळे नव्हे, पुंकेसरांमुळे. ते गळून गेले की फांदीला चिकटून मण्यांसारखी कठीण बोंडे राहतात, आणि त्यांच्या पुढे त्याच फांदीचा कोवळा शेंडा वाढतो. ही बोंडे वर्षानुवर्षे तशीच बसतात; झाड उंच, उघडे, फक्त टोकाला पाने असलेले दिसते ते यामुळेच. म्हणून बहर ओसरताच, बोंडे धरायच्या आत, सुकलेल्या तुऱ्याच्या लगेच खाली कापा. तिथून दोन-तीन फुटवे येतात आणि झुडूप दाट होते.

पण आपल्याकडची सवय द्राक्षाची! एप्रिलच्या खरड छाटणीत वेलीच्या काड्या आखूड कापतात, तसे याला सरसकट खरडू नका. पाने असलेल्या भागातच कापायचे.

काळ्या जमिनीत पाणी तुंबते, तेव्हा खड्ड्यात मुरूम घालून झाड थोडे उंचवट्यावर लावा. पाने पिवळी आणि शिरा तेवढ्या हिरव्या दिसल्या तर बहुधा चुनखडीमुळे लोह मिळत नसते, शेणखत घाला. सुपर फॉस्फेट मात्र टाकू नका. पेरू-जांभळाच्याच कुळातले असले, तरी हे झाड मूळचे ऑस्ट्रेलियाचे, तिथल्या कमी स्फुरदाच्या (फॉस्फरसच्या) मातीला सरावलेले.