केबल ट्रे कसा निवडायचा आणि कसा टाकायचा: शेड, फॅक्टरी, ऑफिसवाल्यांसाठी

एमआयडीसीत नेहमीचं चित्र म्हणजे शेड उभं राहतं, पॅनल येतात, मशीन येतात आणि मग कुणाला तरी आठवतं की अरे केबल कशावरून न्यायची, मग दुकानात फोन जातो "३०० चा ट्रे काय मीटर देता" (३०० म्हणजे मिमीमध्ये रुंदी) आणि जो स्वस्त तो टेम्पोतून येतो. हे सगळं उलटं आहे. ट्रे म्हणजे केबल ज्यावर ठेवून नेतात ती सपोर्टवर बसवलेली लांब, उथळ वाट, आणि तो केबलच्या यादीवरून ठरवायचा, रेटवरून नाही.

१. आधी यादी करा

केबल कुठून कुठे, किती कोअर (आतल्या वेगवेगळ्या तारा), किती स्क्वेअर एमएम (तारेची जाडी), बाहेरचा व्यास किती आणि मीटरला वजन किती. शेवटच्या दोन गोष्टी केबल कंपनीच्या कॅटलॉगमध्ये मिळतात. याच यादीत पॉवर, कंट्रोल, आणि डेटा-सीसीटीव्ही असे तीन गट पाडून ठेवा, पुढे लागतात.

२. मग रुंदी काढा

पॉवर केबल एका थरातच टाकायच्या, आणि शक्यतो दोन केबलमध्ये एका केबलएवढी फट सोडायची. समजा साडेतीन कोअर (तीन फेज आणि अर्ध्या जाडीचा न्यूट्रल) १२० स्क्वेअर एमएमच्या चार केबल आहेत, व्यास धरा ४४ मिमी, तर केबलचे १७६ आणि तीन फटींचे १३२ मिळून ३०८ मिमी झाले, वर २५ टक्के पुढच्या मशीनसाठी धरले की ३८५, म्हणजे बाजारातला ४५० चा ट्रे घ्यायचा. ३०० चा घेतला तर पहिल्याच दिवशी भरला. मालक म्हणतो फट कशाला, चिकटवून टाका, पण सहा केबल चिकटवून टाकल्या की मधल्यांची उष्णता बाहेर पडत नाही, आणि भोकांच्या ट्रेवर त्यांची करंट वाहायची क्षमता साधारण पाऊण पटीवर येते. केबलवरचं इन्सुलेशन एक्सएलपीई असेल तर ते ९० डिग्री सहन करतं आणि पीव्हीसी असेल तर ७०, त्यामुळे जुनी पीव्हीसी केबल असेल तर आणखी जपून.

कंट्रोल केबल थरावर थर चालतात, पण ट्रे अर्ध्याच्या वर भरू नका, नाहीतर नंतर एक केबल ओढायला चार माणसं लागतात.

३. प्रकार

जड पॉवर केबल आणि लांब रन असेल तर लॅडर टाइप, म्हणजे शिडीसारखा, हवा खेळते आणि पायऱ्यांना केबल बांधता येते. छोट्या केबल, कंट्रोल वगैरेला परफोरेटेड, म्हणजे भोकं पाडलेल्या पत्र्याचा. सर्व्हर रूम आणि ऑफिसच्या फॉल्स सीलिंगवर वायर मेश, म्हणजे तारांच्या जाळीचा, कारण कुठूनही केबल खाली काढता येते, फक्त डेटा केबलला झिप टाय आवळू नका, वेल्क्रो लावा.

४. मटेरियल, इथेच खरी गल्लत होते

"जीआय ट्रे", म्हणजे झिंक चढवलेला लोखंडी ट्रे, म्हणून दोन वेगळ्या वस्तू विकल्या जातात. एकात आधीच झिंक लावलेली शीट आणून तिला भोकं पाडतात, त्यामुळे कापलेल्या कडा उघड्याच राहतात, आणि १२० जीएसएमची (चौरस मीटरला दोन्ही बाजू मिळून १२० ग्रॅम झिंक) शीट असेल तर एका बाजूला झिंक जेमतेम ८-९ मायक्रॉन. दुसरा हॉट डिप, आधी ट्रे बनवून मग अख्खा वितळलेल्या झिंकमध्ये बुडवतात, दोन मिमीच्या ट्रेवर ५५ मायक्रॉनच्या आसपास कोटिंग बसतं. पुण्यातल्या कोरड्या ऑफिसात पहिला चालतो. रत्नागिरीच्या खाऱ्या हवेत उघड्यावर हॉट डिपच, तेही कमीत कमी. लोटे किंवा तारापूरसारख्या केमिकल पट्ट्यात ॲसिडची वाफ असेल तर एफआरपी (फायबर घातलेलं प्लास्टिक), औषध किंवा अन्नाच्या प्लांटमध्ये स्टेनलेस. कोटेशनमध्ये "हॉट डिप, फॅब्रिकेशननंतर" हे शब्द आणि मायक्रॉन लिहून घ्या, नुसतं जीआय लिहिलंत की स्वस्तातला येणार हे ठरलेलं.

५. रूट आणि सपोर्ट

पाण्याच्या पाइपच्या वरून न्या, स्टीम लाइनपासून लांब, आणि ट्रेच्या वर हात घालायला ३०० मिमी तरी मोकळे ठेवा. एकावर एक ट्रे असतील तर वरून खाली एचटी (हाय व्होल्टेज), एलटी (लो व्होल्टेज), कंट्रोल, डेटा असा क्रम ठेवा, आणि पॉवर व डेटाच्या ट्रेमध्ये साधारण ३०० मिमी अंतर. सपोर्ट दर दीड मीटरला, बेंड आणि टीच्या (जिथे ट्रेला फाटा फुटतो) दोन्ही बाजूंना जास्तीचा. ट्रेचा जोड दोन सपोर्टच्या बरोब्बर मध्ये येऊ देऊ नका, तिथेच तो झोळ खातो. आणि ट्रेवर चढून कुणी काम करणार नाही हे रंगाऱ्यापासून फॅब्रिकेटरपर्यंत सगळ्यांना सांगा, तो वॉकवे नाही.

बेंड घेताना त्रिज्या बघा. आर्मर्ड (वर लोखंडी तारांचं कवच असलेल्या) मल्टिकोअर एलटी केबलला व्यासाच्या १२ पट लागते, म्हणजे आपल्या ४४ मिमीच्या केबलला ५२८, आणि स्टॉकमधला ३०० त्रिज्येचा बेंड आणला तर केबल त्यात बसतच नाही, मग पोरं हातोड्याने बसवतात. साइटवर ग्राइंडरने ट्रे कापून कोपरा करणं टाळा, कापावंच लागलं तर कड घासून गुळगुळीत करा आणि झिंकचा स्प्रे मारा. जोडाचे बोल्ट आतून बाहेर, डोकं आत आणि नट बाहेर, नाहीतर ओढताना केबलची साल निघते.

स्टील उन्हात वाढतं. ४० मीटरचा सरळ रन तीस डिग्रीच्या फरकाने सुमारे १४ मिमी लांबतो, म्हणून लांब रनला आणि जिथे इमारतीचाच एक्सपान्शन जॉइंट आहे तिथे सरकणारा जोड द्या.

६. अर्थिंग

मेटल ट्रे दोन्ही टोकांना अर्थला जोडा आणि बाजूने जीआय पट्टी न्या किंवा प्रत्येक जोडावर जंपर (दोन्ही तुकडे जोडणारी छोटी तार) लावा. पावडर कोटेड ट्रेमध्ये जोडाखाली रंग असतो, त्यामुळे बोल्ट आवळला तरी कंटिन्युइटी (करंटला सलग वाट) मिळेलच असं नाही, मीटर लावून बघा. एफआरपी तर करंट वाहूनच नेत नाही, तिथे अर्थ वेगळीच न्यायची.

सिंगल कोअर केबल असतील तर तिन्ही फेज एकत्र, त्रिकोणात बांधा. एकट्या फेजला लोखंडी क्लॅम्प घातला की तो क्लॅम्पच तापतो.

७. भिंत आणि स्लॅब

ट्रे जिथून भिंत किंवा स्लॅब पार करतो ते भोक फायर सीलने (आग अडवणाऱ्या भरावाने) बंद करा, इतकी साधी गोष्ट पण हँडओव्हरच्या घाईत हमखास राहते, आणि आग लागली की धूर त्याच वाटेने वरच्या मजल्यावर जातो. नंतर नवीन केबल टाकायला सील फोडलं तर त्याच दिवशी परत भरा, आणि हे काम केबल टाकणाऱ्याच्याच बिलात लिहा, नाहीतर कुणीच करत नाही.