पाहिलेल्या सिनेमांची ऑनलाईन नोंद कशी ठेवायची

इफ्फी, म्हणजे गोव्यातला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, संपला की पणजीत पुढचे काही दिवस एकच प्रश्न ऐकू येतो, "अरे तो पिक्चर कुठला, तो डोंगरातल्या म्हातारीचा?" आणि कोणालाच नाव आठवत नाही. दिवसाला तीन-चार सिनेमे बघितले तर असं होणारच. बाकी वर्षभर पण तेच, अर्धं ओटीटीवर, अर्धं थेटरात, काही युट्यूबवर, आणि सहा महिन्यांनी लक्षात एवढंच राहतं की "काहीतरी चांगलं बघितलेलं". मला वाटतं आपण जेवढा वेळ सिनेमाला देतो त्यातली दोन मिनिटं नोंदीला द्यायलाच हवीत, आणि आपण मराठी-कोकणी सिनेमा बघत असलो तर जास्तच. आपल्या सिनेमांची माहिती नेटवर आधीच कमी आहे, ती भरायला दुसरं कोणी येणार नाही.

आधी एक टूल निवडा, चार नको

सिनेमासाठी सध्या सगळ्यात सोपं लेटरबॉक्स्ड. २०११ साली न्यूझीलंडमधे सुरू झालं, अ‍ॅप पण आहे आणि वेबसाईट पण, फुकट खात्यात नोंदीसाठी लागणारं सगळं मिळतं. पैसे भरून जे मिळतं, म्हणजे वर्षाची आकडेवारी वगैरे, ते सुरुवातीला अजिबात घेऊ नका. अ‍ॅप इंग्रजीत आहे पण तुम्ही आत जे लिहिता ते खुशाल मराठीत देवनागरीत लिहा.

आयएमडीबी सगळ्यांना माहीत आहे, १९९० पासून आहे, आता अ‍ॅमेझॉनच्या मालकीचं. तिथं दहापैकी मार्क देता येतात आणि वॉचलिस्ट, म्हणजे बघायच्या सिनेमांची यादी, ठेवता येते, पण "कुठल्या तारखेला बघितला" ही डायरी लेटरबॉक्स्डमधे जास्त नीट जमते. सिरियल आणि वेब सिरीज एपिसोडनुसार नोंदवायच्या असतील तर ट्रॅक्ट नावाची साईट बघा, लेटरबॉक्स्ड मुख्यतः सिनेमासाठीच आहे. आणि "हा पिक्चर कुठल्या ओटीटीवर आहे" एवढंच हवं असेल तर जस्टवॉच, त्यात देश भारत निवडायला विसरू नका नाहीतर दुसऱ्याच देशातली यादी दिसू शकते.

खातं उघडताना एक लक्षात ठेवा, लेटरबॉक्स्डचं प्रोफाईल सगळ्यांना दिसतं. म्हणून युजरनेममधे जन्मसाल, फोन नंबर असलं काही घालू नका, आणि घरच्यांची नावं तर नकोच.

नोंद कशी करायची

सिनेमाच्या पानावर गेलात की डोळ्याचं चिन्ह दिसतं. ते दाबलं की सिनेमा "पाहिलेला" होतो, पण तारीख लागत नाही. बरेच जण इथंच थांबतात आणि मग म्हणतात डायरी रिकामी कशी. डायरीत यायला हवं असेल तर "लॉग" किंवा "रिव्ह्यू ऑर लॉग" वर जायचं, तिथं तारीख येते, ती आजचीच असते, काल बघितला असेल तर कालची करा. आधी कधी बघितलेला असेल तर "मी हा आधी पाहिलाय" अशी खूण आहे तीही करा, म्हणजे कोणते सिनेमे आपण परत परत बघतो ते पुढं कळतं. मग स्टार, अर्ध्या स्टारपासून पाचपर्यंत. मग वाटलं तर हृदयाचं चिन्ह. मग लिहायची जागा.

स्टारबद्दल माझं मत सांगतो. ते द्या, पण त्यांच्यावर विसंबू नका, कारण साडेतीन आणि चार यात त्या रात्री काय फरक वाटला हे नंतर कोणालाच सांगता येत नाही. एक ओळ लिहा. परीक्षण लिहायची गरज नाही, आपल्याला तो सिनेमा परत डोळ्यासमोर आणील अशी एक ओळ. माझ्या डायरीतली एक अशी आहे, "मडगाव, रात्रीचा शो, मामी सोबत. मध्यंतरात मामी काहीच बोलली नाही. विहिरीवरचा सीन." बस. एवढं वाचलं की सगळा पिक्चर आठवतो, ती मागं बसलेली मंडळी पण आठवतात. शेवट लिहिलात तर खाली स्पॉयलरची खूण आहे ती लावा, दुसऱ्याची मजा जाऊ नये.

टाईप करायचा कंटाळा येत असेल तर फोनच्या कीबोर्डवरचा माईक मराठीवर करून बोला, चांगलं उमटतं. घरातल्या वयस्कर मंडळींना तर हाच रस्ता दाखवा. ज्यांनी म्हापशाच्या अलंकारला नाहीतर पणजीच्या नॅशनलला पिक्चर बघितलेत त्यांच्याकडं एकेका शोची गोष्ट आहे, ती बोलून घ्यायची राहू देऊ नका.

टॅग लावा

लिहायच्या जागेखाली टॅगची ओळ असते. तिथं बघितलेली जागा आणि निमित्त टाका. पणजी, ओटीटी, घरी, इफ्फी आणि पुढं साल, असं. नंतर प्रोफाईलमधे त्या टॅगवर टिचकी मारली की तेवढेच सिनेमे एकत्र दिसतात. फक्त प्रत्येक वेळी स्पेलिंग तेच ठेवा. एकदा पणजी एका स्पेलिंगनं आणि दुसऱ्यांदा दुसऱ्या, मग दोन वेगळे ढीग होतात आणि टॅगचा उपयोगच राहत नाही.

मराठी-कोकणी सिनेमा सापडत नाही तेव्हा

इथं जरा वेळ देऊया कारण आपली माणसं इथंच कंटाळून सोडून देतात. शोधात नाव टाकलं, आलं नाही, "आमचे पिक्चर नसतातच त्यांच्याकडं" म्हणून अ‍ॅप बंद. पुष्कळदा सिनेमा असतो, स्पेलिंग वेगळं असतं.

जुन्या कोकणी सिनेमांची नावं रोमी लिपीतल्या, म्हणजे कोकणी लिहायच्या रोमन लिपीतल्या, पद्धतीनं नोंदलेली असतात. १९६३ चा 'आमचें नशीब' घ्या. आपण इंग्रजीत टाईप करताना नशीबमधला श एस-एच नं लिहिणार, पण रोमीत श साठी एक्स येतो आणि न च्या पुढचा स्वर ओ, म्हणजे एन-ओ-एक्स-आय-बी. शिवाय 'आमचें' च्या शेवटी अनुस्वाराचा एम. ही अक्षरं बरोबर टाकली की सिनेमा मिळतो.

दुसरा उपाय म्हणजे महोत्सवात दिलेलं इंग्रजी नाव. लक्ष्मीकांत शेटगांवकरांचा २००९ चा 'पलतडचो मुनीस', ज्याला टोरँटो महोत्सवात समीक्षकांचं फिप्रेसी पारितोषिक मिळालं, तो कोकणी नावानं मिळाला नाही तर 'द मॅन बियाँड द ब्रिज' म्हणून शोधा. तेही नाही झालं तर दिग्दर्शकाचं नाव टाका आणि त्याच्या पानावरची यादी बघा, हा उपाय सहसा चुकत नाही.

साल नेहमी बघा. 'श्यामची आई' दोन आहेत, एक आचार्य अत्र्यांचा १९५३ चा, ज्याला पहिल्या राष्ट्रीय पुरस्कारात सुवर्णपदक मिळालं, आणि एक २०२३ चा. घाईत दाबलं तर भलत्याच सिनेमाला स्टार जातात. आणि साल म्हणजे आपल्या थेटरात लागलं ते साल असेलच असं नाही. 'कोर्ट' आपल्याकडं २०१५ च्या एप्रिलात लागला पण व्हेनिसच्या महोत्सवात २०१४ मधे दाखवला होता, म्हणून तिथं २०१४ दिसतो. चूक नाही ती, पहिल्यांदा जिथं दाखवला ते साल धरतात. इफ्फीत बघितलेल्या सिनेमांचं असं नेहमी होतं.

एवढं करून खरंच नसेल तर? तर तो तुम्ही घाला. लेटरबॉक्स्डची सिनेमांची माहिती टीएमडीबी नावाच्या दुसऱ्या साईटवरून येते आणि ती विकिपीडियासारखी लोकांनी भरलेली आहे. तिथं फुकट खातं काढायचं, आधी परत एकदा शोधून बघायचं म्हणजे एकच सिनेमा दोनदा होत नाही, मग नवीन सिनेमा जोडायचा, नाव, मूळ भाषा, साल, दिग्दर्शक, कलाकार, लांबी. माहिती पोस्टरवरून किंवा सिनेमाच्या श्रेयनामावलीवरूनच घ्या, आठवणीवरून नको. मराठीतलं नाव आणि चार ओळींची गोष्ट देवनागरीत भरायची पण सोय आहे, तेवढं नक्की करा. थोड्या काळानं तोच सिनेमा लेटरबॉक्स्डवर दिसू लागतो. गोव्यातल्या मुलांनी केलेल्या शॉर्टफिल्म, ज्या महोत्सवात एकदा दाखवल्या जातात आणि मग कुठंच सापडत नाहीत, त्या अशा निदान नावानं तरी राहतात. हे काम मला मनापासून महत्त्वाचं वाटतं. जुन्या कोकणी सिनेमात कोणी काय काम केलं हे सांगणारी माणसं अजून आपल्या गावांत आहेत, त्यांना विचारून, पोस्टर नाहीतर जुनी जाहिरात बघून, खात्री करून भरा.

इफ्फीसाठी यादी

इफ्फी २००४ पासून गोव्यात आहे म्हणजे आपल्याकडं दरवर्षी ही संधी घरबसल्या येते. सिनेमांची यादी जाहीर झाली की लेटरबॉक्स्डवर त्या वर्षाच्या नावानं एक वेगळी लिस्ट करा आणि बघावेसे वाटणारे सगळे त्यात टाका. वॉचलिस्टमधे टाकू नका, तिथं वर्षभराची गर्दी असते. लिस्टमधल्या प्रत्येक सिनेमाला नोट जोडता येते, तिथं दिवस, वेळ, आणि थेटर कुठलं, आयनॉक्स की कला अकादमी की मॅकिनेझ, हे लिहा. एकाच वेळी दोन आवडीचे आले तर जो नंतर ओटीटीवर यायची शक्यता कमी तो आधी बघा, मोठ्या नावाचा सिनेमा आज ना उद्या मिळतोच, एखाद्या छोट्या देशातला पहिला सिनेमा परत मिळणं कठीण.

आणि नोंद दोन शोच्या मधल्या वेळेत, रांगेत उभं असतानाच करा. रात्री घरी जाऊन करीन म्हटलं की तिसरा सिनेमा पहिल्याला पुसून टाकतो. फोनची बॅटरी गेली तर तिकिटावर नाहीतर कॅटलॉगमधेच एक ओळ खरडा.

आधी बघितलेलं कसं भरायचं

सगळं आयुष्य भरायला बसू नका, दमाल. नेटफ्लिक्सवर ब्राउझरमधून अकाउंटमधे जाऊन तुमच्या प्रोफाईलची व्ह्यूइंग अ‍ॅक्टिव्हिटी उघडा, खाली सगळं डाउनलोड करायची लिंक आहे. जी फाईल येते तिच्यात दोनच रकाने असतात, नाव आणि तारीख. ती गुगल शीट्समधे उघडून सिरीजचे एपिसोड आणि दहा मिनिटं बघून सोडलेले पिक्चर काढून टाका. साल त्यात नसतं, ते हातानं घाला, नाहीतर 'श्यामची आई'सारखा घोळ प्रत्येक दुसऱ्या नावाला होईल. तारीख आधी वर्ष, मग महिना, मग दिवस अशी करा. मग फाईल सीएसव्ही, म्हणजे साध्या तक्त्याची फाईल, म्हणून सेव्ह करून लेटरबॉक्स्डच्या वेबसाईटवर इम्पोर्टमधे टाका, अ‍ॅपमधे ही सोय नाही. पहिल्या ओळीत रकान्यांची नावं काय द्यायची ते त्या पानावरच दिलंय. सेव्ह करायच्या आधी जुळलेले सिनेमे दाखवतात, ते एकदा नजरेखालून घाला.

थेटरातल्या जुन्या सिनेमांना तारीख आठवत नसेल तर नुसती डोळ्याची खूण पुरे. अंदाजे तारीख टाकू नका, मग खऱ्या तारखांवरचा पण विश्वास जातो.

आपली प्रत आपल्याकडं

साईट आज आहे, उद्या विकली जाईल, नियम बदलतील. म्हणून लेटरबॉक्स्डच्या सेटिंगमधे डेटा या भागात एक्सपोर्ट आहे, ते दाबलं की झिप फाईल येते, तिच्यात डायरी, स्टार, लिहिलेलं, वॉचलिस्ट सगळं वेगवेगळ्या सीएसव्ही फाईलमधे असतं. वर्षातून एक-दोनदा करा, गणेश चवथीच्या सुट्टीत आणि इफ्फी संपल्यावर असं ठरवून टाका म्हणजे राहत नाही.

मी शिवाय गुगल शीट्समधे एक साधी वही ठेवतो. तारीख, नाव, साल, भाषा, दिग्दर्शक, कुठं, कोणाबरोबर, एक ओळ. "कोणाबरोबर" हा रकाना इथंच, साईटवर नको, तिथं माणसांची पूर्ण नावं लिहायची नाहीत. भाषेच्या रकान्याला ड्रॉपडाउन, म्हणजे ठरलेल्या नावांतूनच निवडायची सोय, लावा, नाहीतर एकदा कोकणी, एकदा कोंकणी असं होतं आणि फिल्टर लावला की अर्धे सिनेमे दिसतच नाहीत. शीट घरातल्यांबरोबर शेअर केली तर सगळे एकाच वहीत भरू शकतात, फक्त "कोणी भरलं" असा एक रकाना वाढवा, आणि पहिली ओळ फ्रीझ करा म्हणजे फोनवर खाली गेलं तरी रकान्यांची नावं वर दिसत राहतात.