गप्पीच्या तोंडाला पांढरं आलंय? लगेच फंगस समजू नका

टँकमधल्या गप्पी किंवा मॉली माशांच्या तोंडाभोवती पांढरं दिसलं की दुकानवाले सरळ फंगसचं औषध हातात देतात, मीही तेच आणून टाकलं आणि तीन दिवसांत चार गप्पी गेले. ते फंगस नव्हतंच, कॉलमनॅरिस होता, म्हणजे बॅक्टेरिया. फंगसचा कापूस मोकळा, फुगीर असतो, हा मात्र अंगाला चिकटून बसलेला राखाडी-पांढरा थर, पाठीवर आला तर खोगिरासारखा पट्टा दिसतो. शेपूट कडेने झिजतेय, कड पांढुरकी किंवा लालसर आहे, तर फिन रॉट, म्हणजे पर कुजण्याचा आजार.

आजारी मासा आधी वेगळ्या टबात घ्या, एअर स्टोन (हवेचे बुडबुडे सोडणारा दगड) जोरात सोडा. मेन टँकचं पाव ते एक तृतीयांश पाणी बदला, नवीन पाण्यात अँटिक्लोरीन टाकूनच. आणि इथे सगळे चुकतात, व्हाइट स्पॉटला (अंगावर पांढरे ठिपके येणारा आजार) वाढवतात तसा हीटर वाढवू नका!! हा बॅक्टेरिया गरम पाण्यात अजून वेगाने पसरतो, 24-25 डिग्री बरं. मे महिन्यात पाणी आपोआप 30 च्या वर जातं, तेव्हा झाकण काढून जाळी टाका आणि वरून फॅन लावा.

टबात लिटरला 1 ते 2 ग्रॅम खडे मीठ, आधी मगात विरघळवून हळूहळू. गप्पी-मॉलीला चालतं, कोरीडोरासला (तळाशी फिरणारा छोटा मासा) सोसत नाही. सुधारणा नसेल तर माशांचं कळणाऱ्या व्हेटला विचारून अँटिबायोटिक द्या, फिल्टरमधला कार्बन काढून ठेवा नाहीतर तो औषध शोषून घेतो, आणि मासा खायला लागला म्हणून कोर्स मध्येच सोडू नका. आपल्या घरातली कॅप्सूल अंदाजाने फोडून टाकू नका प्लीज. खवले उभे राहून मासा अननसासारखा फुगला असेल तर तो बहुतेक वेळा वाचत नाही, वाईट वाटतं पण खरंय.

आता मूळ कारण. हे जंतू पाण्यात बऱ्याचदा असतातच, अमोनिया वाढला, गर्दी झाली, खाणं कुजलं की मासा कमजोर होतो आणि ते चढतात. म्हणून अमोनिया आणि नायट्राइट शून्य पाहिजे. फिल्टरचा स्पंज नळाखाली धुऊ नका, हाताला लागणारा तो तपकिरी बुळबुळीत थर घाण वाटतो, पण अमोनिया खाणारे चांगले बॅक्टेरिया त्यातच असतात आणि क्लोरीनने ते मरतात. टँकमधूनच काढलेल्या पाण्यात दोनदा पिळला की बास. नवीन मासे 3-4 आठवडे वेगळे ठेवा, जाळीपण वेगळी. हाताला जखम असेल तर टँकमध्ये हात घालू नका, माशांचे काही जंतू आपल्या कातडीलाही लागतात.