अपिलाची मुदत गेली? कारखान्यावरून परत आल्यावर काय करायचं

मी अंबाजोगाईत दिवाणी वकिली करते. पाडव्याच्या आगेमागे ऊसतोडीवरून माणसं गावी परततात आणि दरवर्षी कुणीतरी माझ्यासमोर बसून विचारतं, "ताई, निकाल दिवाळीतच लागला म्हणं. आता अपील होईल का?" दाखल करता येतं. उशीर माफ होतो की नाही, हे मात्र तुम्ही कोणते कागद आणता त्यावर ठरतं.

आधी उशीर नेमका किती, ते मोजा. जिल्हा न्यायालयातल्या अपिलाला 30 दिवस, उच्च न्यायालयातल्या अपिलाला 90. निकालाचा दिवस धरायचा नाही. निकालाच्या नकलेचा अर्ज दिल्यापासून नक्कल तयार होईपर्यंतचे दिवस वजा होतात, पण अर्ज मुदतीत दिलेला हवा. समजा निकाल 10 नोव्हेंबरला लागला, नकलेचा अर्ज 14 ला दिला आणि नक्कल 22 ला तयार झाली. 9 दिवस सुटले, म्हणजे शेवटची तारीख 10 नाही, 19 डिसेंबर. त्या दिवशी कोर्टाला सुट्टी असेल, तर कोर्ट उघडेल त्या दिवशी दाखल केलेलं अपील मुदतीतच असतं. कित्येकदा या मोजणीतच अर्धा उशीर गळून पडतो.

उरलेल्या दिवसांसाठी मुदतीच्या कायद्याचं, म्हणजे 1963 च्या अधिनियमाचं, कलम 5. त्यात 'पुरेसं कारण' एवढेच शब्द आहेत. कारणांची यादी नाही. (हे कलम अपिलाला लागतं. दाव्याला नाही, आणि दरखास्तीतल्या, म्हणजे निकालाच्या अंमलबजावणीतल्या, अर्जांनाही नाही.) सर्वोच्च न्यायालयाने 1987 साली कातिजी प्रकरणात सांगितलं, की उशिराकडे उदार नजरेने पाहा, तांत्रिक कारणावर न्याय अडवू नका. अर्जात हा निवाडा सगळेच टाकतात. पण 2013 च्या बसवराज प्रकरणात त्याच न्यायालयाने बजावलं, की कारणच नसेल तर नुसत्या सहानुभूतीने उशीर माफ करता येत नाही. दिवसांच्या आकड्याला भिऊ नका. 1998 साली बालकृष्णन प्रकरणात 883 दिवसांचा उशीर माफ झाला, कारण खुलासा पटला. 2021 साली मज्जी सन्नेम्मा प्रकरणात उच्च न्यायालयाने माफ केलेला 1011 दिवसांचा उशीर सर्वोच्च न्यायालयाने नाकारला, कारण खुलासाच नव्हता.

माझ्या सुरुवातीच्या काळात मी एका म्हाताऱ्या पक्षकाराच्या अर्जात लिहिलं होतं, 'आजारी असल्याने विलंब झाला.' कोणता आजार, कधीपासून कधीपर्यंत, कुठे उपचार घेतले, काहीच नाही. तो माणूस खरोखर अंथरुणाला खिळला होता. अर्ज फेटाळला गेला आणि जमिनीचा वाद गुणदोषावर ऐकलाच गेला नाही. त्यानंतर मी तारखांचा तक्ता हातात आल्याशिवाय असा अर्ज लिहीत नाही.

तक्ता कसा, ते सांगते. नवरा-बायको कोयत्यावर, म्हणजे ऊसतोडीला, गेलेले. त्यांच्या माघारी वाटणीचा दावा फेटाळला गेला. वकिलाच्या कारकुनाने नक्कल काढून ठेवली, रजिस्टर पत्र पाठवलं, ते 'घर बंद' शेरा लागून परत आलं. मार्चअखेर जोडी गावी आली, अपील 6 एप्रिलला दाखल. शेवटची तारीख वरच्या उदाहरणातलीच धरू; 19 डिसेंबरपासून मोजले तर 108 दिवस. या 108 दिवसांचा हिशेब द्यायचा: मुकादमाकडून, म्हणजे टोळी नेणाऱ्याकडून, उचल (आगाऊ रक्कम) घेतल्याचा कागद, कारखान्याच्या स्लिपा, मुकादमाचं शपथपत्र, लेकरं हंगामी वसतिगृहात असतील तर तिथला दाखला, आणि तो परत आलेला लिफाफा. लिफाफा फाडू नका, तसाच जोडा. आल्यानंतरचे दिवसही सांगा: वकिलाला कधी भेटलात, कोर्ट फीचे पैसे कधी जमले. मुदत चालू असतानाच्या 30 दिवसांचा जाब सहसा द्यावा लागत नाही. रामलाल विरुद्ध रेवा कोलफिल्ड्स या जुन्या निवाड्यात हे स्पष्ट आहे. शेवटच्या तारखेपासून पुढचं मात्र सगळं सांगावं लागतं.

समोरचा वकील एक प्रश्न हमखास विचारतो: "फोन नव्हता का?" त्याचं खरं उत्तर शपथपत्रात आधीच लिहा. नंबर बदलला असेल, फडात रेंज नसेल, फोन मुकादमाकडे असेल, जे असेल ते. वकिलाने कळवलं नाही म्हणायचं असेल, तर तुम्ही त्यांना शेवटचं कधी विचारलंत, हेही लिहावं लागेल. खोटं वैद्यकीय सर्टिफिकेट कुणी सुचवलं तर घेऊ नका. उलटतपासणीत ते उघडं पडलं की खऱ्या कारणावरही कुणी विश्वास ठेवत नाही.

उशीरमाफीचा अर्ज शपथपत्रासह अपिलासोबतच द्या. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 3-अ मध्ये तसं आहे. त्याच नियमाची दुसरी बाजू जास्त टोचणारी आहे: समोरच्याला नोटीस जाऊन अपील ऐकायचं ठरेपर्यंत दरखास्तीला स्थगिती देता येत नाही. म्हणजे तुमचा अर्ज तारखांवर पडून असताना जमिनीचा ताबा जाऊ शकतो. म्हणून या अर्जावर पुढची तारीख मागू नका, आणि खर्च भरायच्या अटीवर माफी मिळाली तर सांगितलेल्या दिवसाआत भरा.

यंदा टोळी निघायच्या आधी एकदा वकिलाकडे जाऊन या. मुकादमाचा आणि गावात राहणाऱ्या एखाद्या भावकीतल्या माणसाचा नंबर फाईलवर लिहून घ्यायला सांगा, आणि नकलेच्या अर्जावर सही करून ठेवा.