स्वस्त आयातीचा हिशेब कसा मांडायचा

बाहेरचं धान्य स्वस्त दिसलं की आमच्या अभ्यासगटातली नवी मुलं लगेच ‘डम्पिंग!’ (म्हणजे खर्चापेक्षा कमी भावाने परदेशात माल ओतणं) म्हणून मोकळी होतात. मी त्यांना आधी कागद-पेन घ्यायला लावते.

पहिल्या रकान्यात बंदरावरचा भाव लिहा आणि शेजारी तो माल पिकवायला तिकडे आलेला खर्च. भाव खर्चाखाली असेल तर फरक कोणी भरला ते शोधा. निर्यात अनुदानाच्या मागे फार लागू नका. ते बंद करायचं २०१५ मध्ये नैरोबीत जागतिक व्यापार संघटनेच्या बैठकीत ठरलं. मदत आता शेतकऱ्याला घरीच मिळते: थेट रक्कम, विम्याच्या हप्त्यात सवलत. कोंबडीचं गणित आणखी वाकडं. युरोपात छातीचं मांस चांगल्या भावाने खपतं, तंगड्या गोठवून पश्चिम आफ्रिकेत जातात. मग खर्च कोणत्या तुकड्यावर धरायचा?

दुसरा रकाना आयातशुल्काचा. त्यात दोन दर लिहा, सध्या लागू असलेला आणि संघटनेत कबूल केलेली कमाल मर्यादा. बहुतेक जण दुसरा बघतच नाहीत. घानाच्या संसदेने २००३ मध्ये आयात कोंबडीवरचं शुल्क २० वरून ४० टक्के केलं आणि सरकारने ते लगेच गुंडाळलं. घानाची शेतमालाची मर्यादा ९९ टक्के होती! म्हणजे हात व्यापार कराराने बांधले नव्हते. वाढीला विरोध होता देशांना कर्ज देणाऱ्या आंतरराष्ट्रीय नाणेनिधीचा. हैतीने १९९५ मध्ये तांदळावरचं शुल्क ३ टक्क्यांवर आणलं. त्या धोरणामागे असलेल्या बिल क्लिंटन यांनी २०१० मध्ये अमेरिकी सिनेटच्या समितीपुढे ती चूक होती असं कबूल केलं. तोवर अमेरिकी तांदूळ तिथे मुरला होता.

तिसरा प्रश्न अवघड: लहान शेतकरी वर्षभरात धान्य विकतो जास्त की विकत घेतो जास्त? घेणाराच असेल तर स्वस्त आयात त्याच्या पोटाला बरी. तेव्हा सरसकट ‘आयात बंद करा’ म्हणण्याआधी हे घरोघरी विचारा.

शेवटी आयातीचे आकडे महिनावार मांडा, वार्षिक बेरजेत काही कळत नाही. काढणीच्याच महिन्यांत माल उतरत असेल तर आयात थांबवण्याची मागणीही तेवढ्याच महिन्यांपुरती करा. सेनेगल स्थानिक कांदा बाजारात असतो तेवढा काळ आयात थांबवतो, एरवी नेदरलँड्सचा कांदा येऊ देतो.