एनएचएल संघाचं घरचं वेळापत्रक कोल्हापुरातून कसं वाचायचं

टोरंटो, शिकागो, कॅलिफोर्निया, कुठं ना कुठं कोल्हापूरच्या घरातलं कुणीतरी असतंच. आईवडील हिवाळ्यात तिकडं निघाले की मुलगा किंवा मुलगी म्हणते, यंदा तुम्हाला आइस हॉकीची मॅच दाखवायची, तारीख तुम्ही ठरवा. ही मॅच एनएचएलची, म्हणजे अमेरिका-कॅनडातल्या सगळ्यात मोठ्या हॉकी लीगची. मग ओळखीतल्या कुणालातरी विचारलं जातं आणि उत्तर ठरलेलं असतं: शनिवारची घ्या. यापेक्षा खिशाला जड सल्ला दुसरा नाही. वेळापत्रक नीट वाचता आलं तर कमी पैशात चांगली मॅच बघायला मिळते, आणि कोल्हापुरात बसून स्क्रीनवर बघणाऱ्यालाही नेमकी कोणत्या पहाटे झोपमोड करायची ते कळतं.

आधी फक्त घरच्या मॅच वेगळ्या काढा. विरोधी संघाच्या नावाआधी ईमेलमधलं अ‍ॅटचं चिन्ह असेल तर मॅच बाहेरची, ते सोडून द्या. सप्टेंबरमधल्या सराव मॅचही सोडा, त्यांचे गुण धरत नाहीत आणि मोठे खेळाडू त्यात फारसे उतरत नाहीत.

कोण किती वेळा येतं

आपल्याकडं शाहू स्टेडियमवर पाटाकडील खेळो की दिलबहार, मैदान सगळ्यांचं एकच. त्यामुळं घरची आणि बाहेरची मॅच हा हिशोब कोल्हापूरच्या फुटबॉलवाल्याला करावाच लागत नाही. एनएचएलमध्ये सगळं त्यावरच चालतं. ३२ संघ, दोन कॉन्फरन्स (पूर्व आणि पश्चिम असे मोठे गट), प्रत्येकीत दोन डिव्हिजन (त्यांचे पोटगट), म्हणजे एका डिव्हिजनमध्ये आठ संघ. २०२५-२६ पर्यंत प्रत्येक संघाच्या ८२ मॅच होत्या, ४१ घरी आणि ४१ बाहेर. २०२६-२७ पासून ८४, म्हणजे ४२ घरी.

त्या ४२ अशा भरतात: आपल्या डिव्हिजनमधले सात संघ प्रत्येकी दोनदा येतात, झाल्या १४. कॉन्फरन्समधल्या दुसऱ्या डिव्हिजनचे आठ संघ, त्यातले चार दोनदा आणि चार एकदा, झाल्या १२. उरलेल्या १६ मॅच पलीकडच्या कॉन्फरन्सच्या १६ संघांशी, प्रत्येकी फक्त एक.

ही शेवटची ओळ लक्षात ठेवा. एडमंटनचा गाजलेला खेळाडू कॉनर मॅकडेव्हिड टोरंटोत बघायचा असेल तर साध्या हंगामात ती संधी एकदाच येते, कारण एडमंटन पश्चिमेकडचा संघ आणि टोरंटो पूर्वेकडचा. ती तारीख हुकली की पुढच्या वर्षीच. माँट्रियल मात्र टोरंटोच्याच डिव्हिजनमधला, तो पुन्हा येणार. म्हणून पाहुणा संघ आधी ठरवा आणि मग तारखेकडं वळा. बहुतेक जण नेमकं उलटं करतात.

मोकळ्या तारखा का दिसतात

घरच्या मॅच गठ्ठ्यानं येतात. आठवडा-दीड आठवडा संघ घरीच असतो, मग सामान बांधून दौऱ्यावर जातो आणि रिंक, म्हणजे बर्फाचं मैदान, रिकामी दिसते. ती रिकामी नसते. टोरंटोच्या स्कोशियाबँक अरीनात मेपल लीफ्सच्या हॉकीबरोबर रॅप्टर्सचं बास्केटबॉलही चालतं, तसंच न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये रेंजर्स आणि निक्स, लॉस एंजेलिसला किंग्स आणि लेकर्स. बर्फ वितळवत नाहीत. त्यावर उष्णतारोधक फळ्या टाकतात, त्यावर लाकडी कोर्ट मांडतात आणि दुसऱ्या दिवशी सगळं उचलून पुन्हा हॉकी. वर गाण्यांचे कार्यक्रम असतात ते वेगळेच. प्रत्येक संघ आपल्या रिंकच्या मोकळ्या तारखा लीगला कळवतो आणि त्यातून ३२ संघांचं वेळापत्रक जुळवतात.

याचं टोकाचं उदाहरण व्हँकुव्हरचं. २०१० मध्ये हिवाळी ऑलिम्पिक त्यांच्याच रिंकवर होतं, म्हणून तिथल्या कनक्स संघाला सलग १४ मॅच बाहेर खेळाव्या लागल्या. त्या दिवसांत कुणी नातेवाइकाकडं हॉकीसाठी गेलं असतं तर रिंक बघूनच परतावं लागलं असतं. म्हणून विमानाचं तिकीट काढण्याआधी संघ त्या दिवसांत गावात आहे का ते बघा. नाताळचे २४ आणि २५ डिसेंबर तर मोजूच नका, त्या दोन दिवशी मॅच नसते, आणि २६ ला बहुधा नसते.

आणखी एक. ‘घरची’ लिहिलेली प्रत्येक मॅच घरीच होते असं नाही. नोव्हेंबर २०२५ मध्ये नॅशव्हिल आणि पिट्सबर्ग यांच्यातल्या दोन मॅच थेट स्टॉकहोमला झाल्या. काही मॅच उघड्या स्टेडियममध्ये होतात. ठिकाणाचा रकाना वाचल्याशिवाय पैसे भरू नका.

वेळ आणि तारीख: इथंच गाडी अडते

हा टप्पा मलाही सुरुवातीला फार जड गेला, आणि चुकीचे सल्लेही इथंच सगळ्यात जास्त मिळतात. ‘दहा तास मिळवा’ हा त्यातला सगळ्यात वाईट. दहा तासांचा फरक वर्षात एकही दिवस नसतो.

आपलं घड्याळ बारा महिने एकच. तिकडं मार्चच्या दुसऱ्या रविवारी घड्याळ एक तास पुढं करतात आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी एक तास मागं. म्हणून टोरंटो, न्यूयॉर्क, बॉस्टन या पूर्वेकडच्या शहरांशी आपला फरक उन्हाळी घड्याळात साडेनऊ तासांचा आणि हिवाळी घड्याळात साडेदहा तासांचा. हॉकीचा हंगाम या दोन्ही रविवारांना ओलांडून जातो. त्यामुळं टोरंटोची तीच संध्याकाळी सातची मॅच कोल्हापुरात ऑक्टोबरमध्ये पहाटे साडेचारला, जानेवारीत साडेपाचला आणि मार्चच्या उत्तरार्धात पुन्हा साडेचारला लागते. मार्चमध्ये जानेवारीच्या सवयीनं उठलात तर तीनपैकी पहिला पिरियड संपलेला असतो.

शहर बदललं की तास बदलतात. शिकागोसाठी पूर्वेच्या फरकात एक तास मिळवा, डेन्व्हरसाठी दोन, लॉस एंजेलिससाठी तीन. म्हणजे जानेवारीत लॉस एंजेलिसची सातची मॅच आपल्याकडं सकाळी साडेआठला. निवांत चहा घेऊन बघता येते.

पण वेळापत्रकात ‘दहा’ लिहिलंय आणि मॅच लॉस एंजेलिसची आहे, तर आधी थांबा. टीव्हीच्या यादीत बहुतेक वेळा सगळ्या मॅच पूर्वेच्या घड्याळात देतात, संघाच्या स्वतःच्या यादीत मात्र त्या शहराच्या. ‘ईटी’ (ईस्टर्न टाइम, पूर्वेची वेळ) लिहिलं असेल तर शहर कुठलंही असो, पूर्वेचाच फरक लावा. तिथं पुन्हा तीन तास मिळवले की सगळं विस्कटतं.

फोनचा घोळ याहून मोठा. बरीच अ‍ॅप्स फोनच्या घड्याळाप्रमाणं वेळ आपोआप बदलून दाखवतात. कोल्हापुरात उघडलेल्या यादीत मॅच पहाटे ५:३० ला दिसत असेल तर ती आधीच भारतीय वेळ आहे, तिच्यात काही मिळवू नका. पहाटे साडेपाचला एनएचएलची मॅच कुठल्याच शहरात सुरू होत नाही, एवढी खूण पुरे. उलट मुलानं व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलेला स्क्रीनशॉट त्याच्या फोनच्या वेळेतला असतो. स्क्रीनशॉटवरून गजर लावू नका. यादी स्वतः उघडा.

आता तारीख. तिकडची शनिवार रात्र म्हणजे आपली रविवार पहाट, हे सगळे सांगतात. पण म्हणून डोळे झाकून प्रत्येक तारखेत एक मिळवायचा नाही. शनिवार-रविवारी दुपारच्याही मॅच असतात. जानेवारीत बॉस्टनला शनिवारी दुपारी एकची मॅच असेल तर कोल्हापुरात त्याच शनिवारी रात्री साडेअकरा वाजलेले असतात. रविवारी पहाटे उठलेल्याच्या हाती फक्त निकाल लागतो. आधी तास मिळवा, मध्यरात्र ओलांडली तरच तारीख बदला. हा क्रम कधीही मोडू नका.

माझ्या स्वयंपाकघरातल्या कालनिर्णयवर मॅच नेहमी कोल्हापूरच्या तारखेच्या चौकोनात असते आणि खाली बारीक अक्षरात तिकडचा वार: ‘५:३०, टोरं., तिकडं शनि.’ मुलीशी फोनवर बोलताना ती ‘शनिवार’ म्हणते, मी ‘रविवार’ म्हणतो, आणि दोघं एकाच मॅचबद्दल बोलत असतो. मार्चच्या दुसऱ्या आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी लाल पेनानं फुली मारा. त्यापुढची प्रत्येक वेळ पुन्हा तपासा.

दिवस निवडताना

स्टेडियममध्ये जाऊन बघायची तर मंगळवार किंवा गुरुवार घ्या. टोरंटोत शनिवार रात्र म्हणजे हॉकीचा मानाचा दिवस, त्या दिवशीचे दर तसेच चढतात.

त्याचबरोबर दोन्ही संघांची आदल्या रात्रीची नोंद बघा. सलग दोन रात्री मॅच असतील तर दुसऱ्या रात्री बहुधा राखीव गोलरक्षक उतरतो आणि दौऱ्यावरचा संघ दमलेला असतो. नामांकित गोलरक्षकासाठी पैसे मोजणार असाल तर ही तपासणी आधी करा. तिकीटवाले हे सांगत नाहीत.

विमानातून उतरल्यावर पहिले तीन-चार दिवस मॅच ठेवू नका. वीस-वीस मिनिटांचे तीन पिरियड आणि दोन मध्यंतरं धरून अडीच तास लागतात, आणि संध्याकाळी सातला आपल्या आईवडिलांचं शरीर कोल्हापूरच्या पहाटेत असतं. आत थंडी असते, स्वेटर न्या. गडद जर्सीतला संघ बहुतेक वेळा घरचा, हे त्यांना आधी सांगून ठेवलं की चकतीमागं नजर धावताना गोंधळ कमी होतो.

लीफ्सचं तिकीट परवडत नसेल तर हट्ट धरू नका. त्यांचाच खालच्या लीगमधला संघ, टोरंटो मार्लीज, त्याच शहरात कोका-कोला कॉलिझियममध्ये खेळतो. घरच्या ३६ मॅच, त्यातल्या कित्येक सुट्टीच्या दिवशी दुपारी, तिकीट कितीतरी स्वस्त. पहिल्यांदा हॉकी बघणाऱ्या ज्येष्ठांना मी तिथंच पाठवतो. वेळापत्रक वाचायची पद्धत तीच, फक्त दुपारच्या मॅच जास्त असल्यानं कोल्हापुरातून बघणाऱ्यानं तारखेचा हिशोब आणखी जपून करावा. मॅचच्या आदल्या दिवशी यादी पुन्हा एकदा उघडा, कारण बर्फाच्या वादळानं मॅच पुढं ढकलली जाते आणि टीव्हीच्या सोयीसाठी वेळही बदलते.