पोर मुंजाला भ्यायलं तर

पोर रात्री परसात जायला भ्यायलं की "भूतबित काही नसतं" म्हणून विषय मिटवू नका. भीती जात नाही, फक्त ती सांगायची सोय जाते.

आमचं घर कोल्हापुरात, शिवाजी पेठेतलं, जुनं. न्हाणी मागं परसात, शेजारी पिंपळ. सात वर्षांचा भाचा सुट्टीला आला आणि गल्लीतल्या मोठ्या पोरांनी त्याला मुंजाची गोष्ट सांगितली. "आत्या, भ्या वाटतंय. तिथं कोण तरी बसलंय."

आधी विचारा: कोण? केवढा? काय घातलंय? मुंजा म्हणजे मुंज झालेला, पण लग्नाआधी गेलेला पोरगा. हे ऐकून भाचा गप्प बसला, मग म्हणाला, "मग त्यो खेळतो कुणासंगं?" तिथून खेळ सुरू झाला. आपल्या भुतांना नाव असतं, जागा असते, नियम असतात. चकवा लागला तर जागीच बसून उजाडायची वाट बघावी, असं जुनी माणसं सांगायची. नियम ठाऊक असला की हातपाय गळत नाहीत.

मग ते भूत त्याच्या हातानं घडू द्या. गंगावेशीतल्या कुंभार गल्लीतून मूठभर शाडू आणला. त्यानं मुंजा केला, शेंडी काढली, दोऱ्याचं जानवं घातलं. एक कान भलताच मोठा झाला, तसं पोर खदखदून हसलं. मी त्याच्यानंतर हसले. आपण आधी हसलो तर पोराला वाटतं, आपल्या भीतीलाच हसले.

पुढचं सावकाश. 1924 साली मेरी कव्हर जोन्स या अमेरिकन मानसशास्त्रज्ञ बाईंचा अभ्यास छापून आला. सशाला भिणाऱ्या पीटर नावाच्या लहान पोराला त्या आवडीचं खायला द्यायच्या आणि ससा दर वेळी थोडा जवळ आणायच्या. शेवटी तो सशाला हात लावून खेळायला लागला. आम्ही शेंगदाण्याचा लाडू घेतला. आधी दिवसाउजेडी पिंपळापर्यंत, मग तिन्हीसांजेला माझं बोट धरून, मग मी उंबऱ्यात आणि तो मोठ्यानं पाढे म्हणत. कुठवर जायचं ते त्यानंच ठरवायचं. एका रात्री तो अर्ध्यातून परतला. दुसऱ्या दिवशी पुन्हा बोट धरलं.

मागून "भो" करायचं नाही, घरातल्या सगळ्यांना बजावून ठेवा. आणि आठवडेच्या आठवडे झोप लागत नसेल तर डॉक्टरांना दाखवा.

मोठ्या कानाचा मुंजा अजून कोनाड्यात आहे. परवा शेजारची धाकटी अंधाराला भ्यायली, तर भाचा तिच्यापुढं उकिडवा बसून विचारत होता, "केवढा दिसतोय? काय घातलंय त्यानं?"